दिलीप खांबेटे यांचं आयर्लंड दर्शन

दिलीप खांबेटे मला पहिल्यांदा भेटले त्या दिवशी डब्लिनच्या सिटीवेस्टमध्ये असा वारा सुटला होता की आमच्या गल्लीतल्या कचऱ्याच्या डब्यांनी आपापले मालक बदलले होते. कुणाच्या तरी परसातली ट्रॅम्पोलिन तीन घरं ओलांडून चौथ्याच्या छपरावर जाऊन बसली होती आणि त्या घरच्यांनी ती आता आपलीच म्हणून स्वीकारली होती. दोन हजार वीसचा एप्रिल होता. घरापासून दोन किलोमीटरच्या आत फिरायची मुभा होती आणि दुसऱ्या माणसापासून दोन मीटर लांब राहायचा हुकूम होता. मी मैदानाला एकटाच प्रदक्षिणा घालत होतो. समोरून माकडटोपी घातलेले एक गृहस्थ पडद्याचा लांबलचक गज आडवा धरून येताना दिसले. हा माणूस आता बांबूउडी मारणार असं वाटून मी बाजूला झालो. त्यांनी गजाचं टोक अलगद माझ्या छातीला टेकवलं.

"दोन मीटर," ते म्हणाले. "मोजून कापलाय. मराठी का?"

मी हो म्हणालो. ती माझी चूक झाली.

"मग तुम्ही कुठं उभे आहात हे तुम्हाला माहीत नसणार," असं म्हणून त्यांनी आयर्लंडचा इतिहास हिमयुगापासून सुरू केला. ते बोलायला लागले तेव्हा झाडांना पानं नव्हती. व्हायकिंग आले तेव्हा पालवी फुटली. बटाट्याचा दुष्काळ पडेपर्यंत माझ्या पायाशी गवत वाढून कुणीतरी ते दोनदा कापून गेलं होतं. मी घरी पोचलो तेव्हा माझी मुलगी सानिका वरच्या वर्गात गेली होती. गजाच्या मधोमध एका काळ्या पक्ष्यानं घरटं बांधून पिल्लं मोठी केली असंही मला आठवतं, पण ती कदाचित केव्हिन नावाच्या साधूची गोष्ट असेल. त्याच्या पसरलेल्या तळहातावर पक्ष्यानं घरटं केलं होतं म्हणे. तीही दिलीपरावांनी त्याच बैठकीत सांगितली.

हे दिलीपराव मूळचे नाशिकचे, चोपन्न वर्षांचे, आणि वीस वर्षांपासून आयर्लंडमध्ये. सॉफ्टवेअर टेस्टर. म्हणजे दुसऱ्यानं केलेल्या कामातल्या चुका शोधायच्या आणि त्याचा पगार घ्यायचा. घरी हे काम ते विनापगार करत. त्यांच्या पत्नी योगिनीवहिनी गोळ्या बनवणाऱ्या कारखान्यात शास्त्रज्ञ. त्या घरात डोकेदुखीची गोळीसुद्धा ठेवत नसत. "मी त्या बनताना बघते," एवढंच कारण त्या सांगत. वीस वर्षांत दोघांच्या बोलण्यात कपाटाचं 'प्रेस' झालं होतं आणि 'बरं आहे'चं 'ग्रँड' झालं होतं, पण त्या प्रेसमध्ये ओवा, सुंठ आणि हिंग यापलीकडे औषध नव्हतं.

दिलीपरावांचं खरं काम मात्र आयर्लंड सांगणं. कुणाचे आईवडील आले, कुणाचा मेहुणा आला, की तो आधी खांबेट्यांकडे नेला जाई. कुठे जावं, कोणत्या रस्त्यानं जावं, बसमध्ये कोणत्या बाजूला बसावं म्हणजे समुद्र दिसतो, कोणत्या कड्याशी सकाळी ऊन असतं, सगळं तोंडपाठ. लोक जाऊन येत आणि सांगत, अगदी दिलीपदादा म्हणाले तसंच होतं. दिलीपराव डोळे बारीक करून म्हणत, "बदललं नाही म्हणजे फारसं."

टाळेबंदी आली, जाणं-येणं थांबलं, आणि त्यांना बहर आला. दर रविवारी दुपारी झूमवर 'आयर्लंड दर्शन' सुरू झालं. ते नकाशावरचे रस्त्यांचे फोटो पडद्यावर लावत आणि बाणावर टिचक्या मारत मारत आख्खा रस्ता पुढे सरकवत. डब्लिनहून विकलोच्या डोंगरात पोचायला आम्हाला तीन रविवार लागले. एकदा इंटरनेट अडकलं आणि एका गाईचं तोंड बराच वेळ पडद्यावर थांबलं. कुणी तक्रार केली नाही. सगळ्यांना वाटलं, बस थांबली असेल.

या दर्शनाच्या पहिल्या रांगेत बसणाऱ्या म्हणजे पद्मिनीमावशी. आमच्या मंडळाचा सेक्रेटरी सारंग, त्याची आई. कराडजवळच्या. फेब्रुवारी दोन हजार वीसमध्ये तीन महिन्यांसाठी आल्या आणि विमानं बंद झाल्यामुळे सारंगच्या वरच्या खोलीत अडकून पडल्या. मटार सोलायचं ताट मांडीवर घेऊन त्या लॅपटॉपसमोर बसत. ग्लेंडालॉकचा तो उंच दगडी मनोरा, त्यामागची दोन तळी, तो पक्ष्याचा साधू, हे त्यांचं सर्वांत आवडतं ठिकाण. ते त्यांनी चार वेळा लावायला सांगितलं होतं.

दोन हजार एकवीसच्या जुलैत सहलींच्या बसगाड्या पुन्हा निघाल्या. मावशींची दोन्ही इंजेक्शनं झाली आणि ऑगस्टमधलं परतीचं तिकीटही मिळालं. त्या रविवारी झूमवर त्यांनी आडपडदा न ठेवता विषय काढला.

"दिलीपराव, तुमच्या तोंडून लई ऐकलं. आता एकदा तुमच्यासंगं बघायचं. मग मी जाते बघा गावाला."

सगळ्या चौकोनांतून माना हलल्या. सारंगनं तिथल्या तिथे जाहीर केलं की मंडळ बस ठरवेल आणि दिलीपदादा गाईड. दिलीपरावांचा चौकोन तेवढा हलला नाही. मला वाटलं, त्यांचंही इंटरनेट अडकलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी मैदानावर ते मला गजाशिवाय भेटले.

"तुम्हाला म्हणून सांगतो," ते म्हणाले. "मी ग्लेंडालॉक पाहिलेलं नाही."

"म्हणजे हल्लीत?"

"म्हणजे कधीच."

"मग मोहरचे कडे?"

"नाही."

"गॉलवे?"

"गॉलवेला निघालो होतो. लूकनपर्यंत गेलो."

लूकन आमच्या घरापासून गाडीनं पंधरा मिनिटांवर आहे.

"मला गाडी लागते हो," दिलीपराव म्हणाले. "लहानपणापासून. लुआसची ट्राम चालते, कारण ती कुणाला न दुखवता जाते. पण बस किंवा मोटार, आणि त्यात वळणं असली, की आटोपलं. हिच्याबरोबर दुकानात जातो तेव्हा पुढच्या सीटवर खिडकी उघडी टाकून तोंड बाहेर काढून बसतो. शेजारचा कुत्रा मला ओळखतो."

"मग सांगून टाका सरळ. त्यात काय."

"काय सांगू? वीस वर्षं इथं राहून एक डोंगर पाहिला नाही? लोकांचं सोडा. ती मावशी सव्वा वर्ष माझ्या भरवशावर हा देश बघतेय. तिला काय सांगू, की मलाही तो पडद्यावरच दिसला?"

त्यांना उत्तर नकोच होतं, हे मला नंतर कळलं. त्यांना साथीदार हवा होता. त्यांचा बेत तयार होता. ड्रायव्हरच्या मागच्या पहिल्या सीटवर बसायचं. पोटावर वर्तमानपत्र बांधायचं. कानात कापूस. तोंडात आवळासुपारी. आणि मुख्य म्हणजे डोळे मिटून घ्यायचे. रस्ता त्यांना पाठ होता. ब्लेसिंग्टन, तिथलं तळं, मग हॉलिवूड नावाचं गाव, मग विकलोचा घाट, मग खाली ग्लेंडालॉक. बाणावर टिचक्या मारून हजार वेळा गेलेले.

"तुम्ही शेजारी बसा," त्यांनी मला बजावलं. "आणि काहीही झालं तरी मला डोळे उघडायला लावू नका. मध्येच उघडले की संपलं."

मी शब्द दिला. आता वाटतं, देताना जरा घोळवून द्यायला हवा होता.

शनिवारी सकाळी सिटीवेस्टच्या लुआस स्टॉपजवळ बस लागली. तोंडाला मास्क, हातात डबे, पिशव्या, थर्मास, आणि कुणाच्या तरी हातात आख्खा कुकर. ड्रायव्हरचं नाव फिंटन, नावन गावचा, दारातून वाकून यावा एवढा उंच. सारंगनं बसच्या पुढच्या चाकासमोर नारळ फोडला. फिंटननं शांतपणे विचारलं, "टायरसाठी आहे का हे?" सुखरूप प्रवासासाठी, असं सांगितल्यावर त्यानं खोबऱ्याचा तुकडा मागून घेतला आणि म्हणाला, "ग्रँड. मग आता इन्शुरन्स कशाला भरायचा."

दिलीपराव आले ते ताठ चालत. वाकायची सोयच नव्हती. योगिनीवहिनींनी त्यांच्या शर्टाच्या आत आख्खं वर्तमानपत्र गुंडाळलं होतं. मान वळवली की पान उलटल्याचा आवाज येई. वर चढले आणि जागच्या जागी थांबले. ड्रायव्हरच्या मागच्या दोन्ही रांगांना लाल-पांढरी पट्टी बांधलेली होती.

"कोविड," फिंटन म्हणाला. "पुढे कुणी बसायचं नाही. रूल आहे."

"मी गाईड आहे," दिलीपराव म्हणाले.

"मी ड्रायव्हर आहे," फिंटन म्हणाला, "आणि मलाही इथं बसायची हौस नाही."

तेव्हा आम्ही तिसऱ्या रांगेत बसलो. मागे योगिनीवहिनी हाताशी पिशवी धरून. पलीकडे खिडकीत पद्मिनीमावशी आणि त्यांच्या मागे सानिका. सारंगनं मंडळाच्या गणपतीसाठी घेतलेला माइकवाला स्पीकर आणला होता. दिलीपरावांनी कानात कापूस घातला, आवळासुपारी गालात सरकवली, माइक हातात घेतला आणि डोळे मिटले.

"बघा कसे तल्लीन झाले," मागून कुणीतरी म्हणालं. "गाणारे मिटतात तसे."

"आणि कापूस घातलाय," दुसऱ्या एका आजींना ते विशेष आवडलं. "कळतं माणसाला. वारं कानातूनच शिरतं."

बस निघाली. दिलीपरावांनी गणपतीला, सेंट केव्हिनला आणि मंडळाच्या कार्यकारिणीला वंदन केलं आणि बोलायला लागले. पाच मिनिटं झाली नसतील, पुढे गार्डाची, म्हणजे इथल्या पोलिसाची, गाडी आडवी दिसली. अपघात झाला होता, ब्लेसिंग्टनचा रस्ता बंद. फिंटननं मास्कच्या आतून, प्लास्टिकच्या पडद्याआडून, नावनच्या वेगात सांगितलं की आपण मागे वळून एम-फिफ्टी हमरस्त्यानं समुद्राच्या बाजूनं जाऊ, डोंगराला पलीकडून शिरू. ज्यांना कळलं त्यांनी दिलीपरावांकडे पाहिलं. ज्यांना कळलं नाही त्यांनीही दिलीपरावांकडेच पाहिलं. दिलीपरावांच्या कानात योगिनीवहिनींनी कापूस कारखान्याच्या शिस्तीनं भरला होता. त्यांना काहीच ऐकू गेलं नाही. बस वळली तेव्हा ते माइकमध्ये म्हणाले, "हे ब्रिटासचं वळण. अगदी वेळेवर."

मी तोंड उघडलं आणि मिटलं. मी शब्द दिला होता. शिवाय कापसातून ऐकू जाईल एवढ्या आवाजात सांगायचं तर ते शेवटच्या रांगेपर्यंत सांगावं लागलं असतं.

"बाबा," सानिकानं मागून मला टोचलं. "ही'ज ऑन द राँग रोड."

"गप्प बस."

"आय'म जस्ट सेइंग. ही'ज इन विकलो, वी आर अ‍ॅट द रेड काऊ."

"त्यांना माहितीये."

"ओके. ग्रँड."

आमची बस रेड काऊच्या मोठ्या चौकातून हमरस्त्याला लागली. दिलीपरावांचा आवाज खाली आला, हळवा झाला.

"मंडळी, आता डाव्या हाताला बघा. ब्लेसिंग्टनचं तळं. काय ते पाणी. हे नुसतं तळं नाही बरं का. ऐंशी वर्षांपूर्वी इथं धरण बांधलं आणि अख्खी वस्ती पाण्याखाली गेली. घरं, शेतं, सगळं. शांतपणे बघा."

सगळ्या माना डावीकडे वळल्या. डाव्या हाताला फरशांचं एक भलं मोठं दुकान होतं. न्हाणीघराच्या फरशांवर सेल लागला होता. बसमध्ये कुणी चकार शब्द काढला नाही. आमच्या लोकांची ही एक सवय आहे. एकदा माणसानं माइक हातात घेऊन सांगायला सुरुवात केली की त्याला पोथी सांगणाऱ्याचा मान मिळतो, आणि पोथी चालू असताना मध्ये कुणी बोलत नाही. खिडकी काय म्हणते हा खिडकीचा प्रश्न.

"बिचारी माणसं," पद्मिनीमावशी फरशांच्या दुकानाकडे बघत हळहळल्या. "आमच्याकडं कोयनेत अशीच गेली गावं."

तळं संपलं. हॉलिवूड आलं. हॉलिवूडच्या जागी इंधनाचा पंप आला. मग दिलीपरावांनी सीटचा दांडा घट्ट धरला.

"आता घाट सुरू. सांभाळून बसा. पहिलं वळण डावीकडे."

ते डावीकडे कलले. एम-फिफ्टी पट्टीनं आखल्यासारखा सरळ होता. "आता उजवीकडे," ते उजवीकडे कलले. तिसऱ्या वळणाला मागची दोन आजी-आजोबांची जोडपीही कलायला लागली, आणि चौथ्याला मी. गाईडच्या शेजारी बसून ताठ राहणं बरं दिसत नाही.

"दोन्हीकडे मेंढ्या आहेत," दिलीपराव म्हणाले. "पाठीवर निळा रंग लावलेल्या. ओळख पटावी म्हणून."

दोन्हीकडे ट्रक होते. त्यातल्या एकावर निळी ताडपत्री होती हे मला कबूल केलं पाहिजे.

मग त्यांनी माइक बंद केला आणि माझ्याकडे झुकले. मिटल्या डोळ्यांनी चेहरा असा फुलला होता की लग्नाच्या फोटोतही तेवढा फुलला नसेल.

"अहो, घाट चढलो की आपण. आणि मला काही होत नाहीये. वळणं जाणवतच नाहीत. काय ड्रायव्हर आहे. वीस वर्षं उगाच घाबरलो मी."

मी त्यांच्या गुडघ्यावर थोपटलं. दुसरं काय करणार.

"आता बघाच," ते म्हणाले. "परत आलं की आपण सगळीकडे जाऊ. मोहर, गॉलवे, स्लायगो. हिलाही दाखवायचंय. बिचारी माझ्यामुळे कुठे गेली नाही."

मागच्या सीटवर योगिनीवहिनींनी हे ऐकलं. त्यांनी माझ्याकडे पाहिलं, मग खिडकीबाहेरच्या ट्रककडे पाहिलं, आणि पिशवी उलगडून मांडीवर तयार ठेवली. त्या शास्त्रज्ञ होत्या. त्यांचा एका प्रयोगावर विश्वास बसत नसे.

दिलीपरावांनी माइक पुन्हा चालू केला आणि विजयी आवाजात सांगितलं, "मंडळी, घाट उतरलो. आता सगळी सपाटी. ग्लेंडालॉक दहा मिनिटांवर." नेमक्या त्याच क्षणी फिंटननं हमरस्ता सोडला, बस डोंगराकडे वळवली, आणि खरा घाट सुरू झाला.

पहिल्या वळणाला शर्टातलं वर्तमानपत्र कुरकुरलं. दुसऱ्या वळणाला दिलीपराव म्हणाले, "हे वळण नवीन केलेलं दिसतंय." तिसऱ्या वळणाला ते काही म्हणाले नाहीत. चौथ्याला पुढे जे झालं ते गणपतीच्या मिरवणुकीसाठी घेतलेल्या स्पीकरवरून झालं, त्यामुळे शेवटच्या रांगेलाही काही चुकलं नाही. योगिनीवहिनींची पिशवी मात्र वेळेवर पोचली होती.

त्यांनी डोळे उघडले. बाहेर पाटी होती.

"राउंडवूड?" दिलीपराव क्षीण आवाजात म्हणाले. "राउंडवूड तर डोंगराच्या पलीकडे. ते इकडे कुठून आलं?"

फिंटननं बस कडेला घेतली आणि लांबूनच विचारलं, "युअर मॅन ठीक आहे ना? कोविड नाही ना?"

"नो, ही'ज जस्ट कार-सिक," सानिका म्हणाली.

"देवाची कृपा," फिंटन म्हणाला, आणि इतक्या मनापासून म्हणाला की उलटी झालेल्या माणसाला एवढा आनंदी प्रतिसाद मी आजवर पाहिलेला नाही.

आम्ही दोघं रस्त्याच्या कडेला उभे राहिलो. दिलीपरावांनी कानातला कापूस काढला.

"कधीपासून?" त्यांनी विचारलं.

"नारळानंतर पाचेक मिनिटांनी."

"मग ते तळं?"

"फरशांचं दुकान."

"आणि घाट?"

"एम-फिफ्टी."

त्यांनी कडेच्या मेंढ्यांकडे पाहिलं. इथे त्या खऱ्या होत्या. "तरी मला वाटलंच," ते म्हणाले, "मेंढ्यांचा वास कसा येत नाही."

सारंगनं माइक पुसून जाहीर केलं की दादांना रात्रीचं जेवण बाधलंय. सगळ्यांनी ते मान्य केलं. कालचा वांग्याचा बेत कुणाकडे होता यावर दोन-तीन बायका एकमेकींकडे बघायला लागल्या. थोडक्यात, दिलीपरावांची अब्रू अजून शाबूत होती आणि खापर वांग्यावर फुटलं होतं. उरलेला रस्ता त्यांनी आलेपाक चघळत आणि फिंटनच्या डोक्यामागचा एक ठिपका बघत काढला.

ग्लेंडालॉकला पोचलो. दरवाजा उघडला. समोर झाडांच्या वर तो दगडी मनोरा, मागे डोंगर, आणि मधून जाणारं पाणी. दिलीपराव पायरीवर थांबले. साठेक रविवार ज्यांनी आम्हाला बोलू दिलं नाही ते बोलेनात.

"उंच आहे की हो," एवढंच ते माझ्याजवळ पुटपुटले. "फोटोत आकाश इतकं वर नव्हतं."

पण आमची मंडळी बसमधून उतरली होती, आणि दीड तास बसमध्ये बसलेली मराठी मंडळी उतरल्या उतरल्या मनोरा बघत नाहीत. पद्मिनीमावशी पुढे आल्या, त्यांच्या मागे इतर आजी-आजोबा रांगेनं, आणि त्यांनी गाईडला तो प्रश्न विचारला जो जगातल्या सगळ्या गाईडना सगळ्यात आधी विचारला जातो.

"दिलीपराव, बाथरूम कुठाय वो?"

नकाशावरच्या फोटोंत ते नव्हतं. फोटो रस्त्याचे होते. मी दिलीपरावांच्या चेहऱ्यावर सेंट केव्हिनची सगळी हकिकत, मनोऱ्याची उंची, भिंतींची जाडी, व्हायकिंगांच्या स्वाऱ्या हे सगळं एकामागून एक येऊन जाताना पाहिलं. कशातही बाथरूम नव्हतं.

"या माझ्यामागे," ते म्हणाले आणि ठामपणे डावीकडे निघाले.

रांग निघाली. कमानीखालून गेलो, दगडी पायवाटेनं गेलो, एका चर्चला वळसा घातला आणि आठशे-हजार वर्षांच्या थडग्यांच्या मधोमध जाऊन थांबलो. पुढे वाट नव्हती. गवतात वाकडे झालेले क्रूस होते. आजोबांपैकी एकजण अस्वस्थपणे पाय बदलत होते. एक आयरिश कुटुंब आमच्या एवढ्या मोठ्या शोकसभेसाठी आदरानं बाजूला झालं.

"इथं?" पद्मिनीमावशींनी विचारलं.

दिलीपरावांनी मास्क हनुवटीवर ओढला. शर्टातलं वर्तमानपत्र कुरकुरलं.

"मावशी, मला माहीत नाही," ते म्हणाले. "मी इथं कधी आलेलो नाही. कुठेच गेलेलो नाही. मला गाडी लागते. जे सांगितलं ते सगळं वाचून आणि फोटो बघून सांगितलं. ते तळंही तळं नव्हतं."

सारंग माइकच्या बटणाशी चाळा करायला लागला. योगिनीवहिनी पुढे येऊन नवऱ्याच्या शेजारी उभ्या राहिल्या, आणि त्यांचा चेहरा असा होता की कुणी काही बोललं असतं तर ते त्याला जड गेलं असतं.

"अहो, मला ठाऊक होतं," पद्मिनीमावशी म्हणाल्या.

"कधीपासून?" हा प्रश्न दिलीपराव त्या दिवशी दुसऱ्यांदा विचारत होते.

"दुसऱ्या का तिसऱ्या रविवारी कळलं. इतकं सांगितलंत तुम्ही. राजा सांगितला, साधू सांगितला, दगूड कुठनं आणला ते सांगितलं. पण कुठंबी काय खाल्लं ते सांगितलं नाही एकदाबी. जाऊन आलेला माणूस आधी खाल्लेलं सांगतो. आमचे मालक काशीला जाऊन आले तर देऊळ राहिलं बाजूला, वर्षभर रबडी सांगत होते."

"मग बोलला का नाहीत?"

"कशाला बोलू? वरच्या खोलीत कोंडून घातलेल्या बाईला दर रविवारी कोण फिरवून आणतंय. आणि आज त्या फरशीच्या दुकानात तळं दाखवलंत, मला तर दिसलं. आता बाथरूम शोधा आधी, भांडण मागनं."

ते सानिकानं शोधलं. पाटी होती, बाण होता, वाहनतळाच्या बाजूला. आम्ही त्याच्यावरूनच आलो होतो.

मग डबे उघडले. पुऱ्या, बटाट्याची भाजी, कुकरातला मसालेभात, आणि कालचं वांगं, जे आता सगळ्यांनी निर्दोष म्हणून दोनदा घेतलं. फिंटनला द्रोणात वाढलं. तो झाडाखाली बसून दुसऱ्या द्रोणाची वाट बघत होता. दिलीपरावांना कुणी भात दिला नाही, पोटाला बरा नाही म्हणून. ते एकटेच उठून वरच्या तळ्याच्या दिशेनं गेले. मी जरा काळजीत पडलो. पंधरा-वीस मिनिटांनी ते परत आले, हातात कागदाचा पुडा, बोटं चाटत. वर गाडीवर बटाट्याचे गरम तळलेले चिप्स मिळत होते.

ते सगळ्यांच्या समोर उभे राहिले. माइक नव्हता.

"चिप्स बरे आहेत," ते म्हणाले. "जाड कापतात. पण व्हिनेगर कमी घालायला सांगा."

पद्मिनीमावशींनी लगेच पर्स काढली. बाकीचेही उठले. वीस वर्षांत आयर्लंडबद्दल त्यांनी सांगितलेलं ते सर्वांत छोटं वाक्य होतं आणि त्याला उठून रांग लावणारे ते पहिलेच श्रोते.

परतीच्या वाटेवर फिंटननं आपल्या खणातून एक गोळी काढून दिली. गाडी लागू नये म्हणून घ्यायची, कुठल्याही औषधाच्या दुकानात मिळणारी, साधी गोळी. दिलीपरावांनी योगिनीवहिनींकडे पाहिलं.

"आमच्याच कारखान्यात बनते," वहिनी पाकीट उलटसुलट करत म्हणाल्या. "चांगली आहे."

"हे वीस वर्षांत सांगितलं नाहीस?"

"तुम्ही विचारलं नाहीत. आणि तुम्हाला ओवा आवडतो."

गोळी घेतल्यावर ते दुसऱ्या वळणापर्यंतसुद्धा जागे राहिले नाहीत. फिंटननं परत जायला विकलोचा घाटच धरला, कारण आता तो रस्ता उघडला होता. दोन्हीकडे डोंगर, निळ्या पाठीच्या मेंढ्या, खाली चमकणारं पाणी, सगळं जसंच्या तसं, आणि दिलीपराव तोंड उघडं टाकून झोपलेले. माइक पद्मिनीमावशींकडे गेला. त्यांनी आम्हाला कुंभार्ली घाट सांगितला, वळणावळणानं, कुठल्या वळणाला वडे मिळतात त्यासकट. ब्लेसिंग्टनचं खरं तळं डाव्या-उजव्या कुठल्या हाताला होतं ते मला आठवत नाही. आम्ही सगळे मावशींकडे बघत होतो.

ऑगस्टमध्ये मावशी गावाला गेल्या. सारंग सांगतो, कराडला त्या येणाऱ्या-जाणाऱ्याला आयर्लंड सांगतात, आणि सुरुवात चिप्सपासून करतात.

दिलीपरावांनी गोळ्यांची चार पाकिटं आणून प्रेसमध्ये ठेवली. नोव्हेंबरात त्यांना स्लायगोच्या एका कंपनीत नोकरी लागली. काम घरूनच असतं. स्लायगो त्यांनी अजून पाहिलेलं नाही.